अतिसंक्षिप्त दर म्हणजे एकक दर नव्हे

अपूर्णांकाला अतिसंक्षिप्त रूप कसं द्यायचं ते तुम्हाला येतं. मसावि काढायचा, अंश आणि छेद दोघांना त्याने भागायचं, झालं. घोटाळा होतो तो यानंतर: दराला अतिसंक्षिप्त रूप दिलं की एकक दर, म्हणजे १ मिनिटाला, १ तासाला किती हे सांगणारा दर निघाला, असं धरून लोक मोकळे होतात.

एका पंपाने ५४ मिनिटांत १२६ लिटर पाणी चढवलं. लिटर वर, मिनिटं खाली: १२६/५४. मसावि १८, म्हणून ३ मिनिटांत ७ लिटर. हा अतिसंक्षिप्त दर. पण खाली अजून ३ मिनिटं आहेत आणि एकक दरात खाली १ च लागतो. तिथे मसाविचं काही काम नाही, थेट छेदानेच भागायचं: १२६ ÷ ५४, म्हणजे १ मिनिटात ७/३ लिटर, सुमारे २.३३. वेग तोच, पण पहिला दर तीन मिनिटांचं पाणी सांगतो, दुसरा एका मिनिटाचं.

मग गल्लत का होते? कारण सरावाला नेहमी ‘३ तासांत १८० किमी’ असली सोयीची उदाहरणं देतात. छेदाने अंशाला पूर्ण भाग गेला की मसावि म्हणजे छेदच, आणि दोन्ही उत्तरं जुळतात. सुरुवातच ‘४ तासांत १५० किमी’ने करावी: अतिसंक्षिप्त रूप २ तासांत ७५ किमी, एकक दर ताशी ३७.५ किमी.

एकक दराचा खरा उपयोग तुलनेत. दुसरा पंप ४ मिनिटांत ९ लिटर चढवतो. ७/३ मोठा की ९/४, हे चटकन सांगता येत नाही, २.३३ आणि २.२५ शेजारी ठेवले की पहिला पंप सरस हे लगेच दिसतं. मात्र पुढचं गणित २.३३ ने करू नका. ५४ ने गुणलं तर १२५.८२ येतात, १२६ नाही. तिथे ७/३ च ठेवा.

नुसतं ‘०.४’ लिहून एकक गाळणाऱ्याचे गुण कापावेत, या मताचा मी आहे. १५ मिनिटांत ६ लिटर म्हणजे मिनिटाला ०.४ लिटर किंवा लिटरला २.५ मिनिटं. दोन्ही एकक दरच. ‘प्रति’ काय हवंय ते आधी ठरवा, तेच छेदात जातं.

छेद १ पेक्षा लहान असला तरी रीत बदलत नाही. पाऊण तासात ६ किमी, म्हणजे ६ ÷ ३/४ = ताशी ८ किमी. भागूनही संख्या वाढली म्हणून खोडू नका.