ओकारिना ऑफ टाइमची पार्श्वभूमी, आणि तिला बासरी म्हटल्याने झालेला घोळ

निन्टेन्डोच्या 'द लेजंड ऑफ झेल्डा' या व्हिडिओ गेम मालिकेतला १९९८ चा भाग म्हणजे ओकारिना ऑफ टाइम, आणि त्यातलं जादूचं फुंकवाद्य म्हणजे ओकारिना. या ओकारिनाबद्दल बोलायला लागलं की सगळे किल्ल्याच्या खंदकापासून सुरू करतात, राजकन्या घोड्यावरून पळताना ती निळी ओकारिना पाण्यात फेकते तिथून. स्टोरी सगळ्यांना पाठ आहे, परत सांगत बसत नाही. पण हे वाद्य मालिकेत १९९८ ला पहिल्यांदा आलं असं जे सर्रास धरलं जातं ते बरोबर नाही आणि त्यामागे एका शब्दाचा घोळ आहे.

खरी ओकारिना आधी, थोडक्यात. मातीची पोकळ फुंकवाद्यं चीनमध्ये आणि मध्य अमेरिकेत फार जुनी आहेत. आज जिला ओकारिना म्हणतात ती १८५३ ची, इटलीत बोलोन्याजवळ बुद्रियो गावात एका १७ वर्षांच्या मुलानं बनवलेली, आणि नावाचा अर्थ तिथल्या बोलीत छोटी हंसीण. आकार बघितला की लगेच पटतं.

आता गेम. १९८६ च्या पहिल्या भागात लिंककडे, म्हणजे मालिकेच्या नायकाकडे, एक फुंकायचं वाद्य आहेच, वाजवलं की वावटळ येऊन उचलून नेते, एक तळं आटतं, एक राक्षस आकसून छोटा होतो. इंग्रजीत त्याला रेकॉर्डर पण म्हटलं गेलं आणि शिट्टी पण. जपानीत फुंकवाद्याला फुए हा एकच ऐसपैस शब्द चालतो, त्यात बासरी येते, शिट्टी येते, सगळंच येतं, त्यामुळे तिथे कुणाचं काही अडलं नसावं.

खरी गडबड १९९१ च्या भागात. जमीन खणून जे वाद्य मिळतं, जे गावातल्या वातकुक्कुटासमोर वाजवलं की आतून पक्षी बाहेर पडतो आणि मग तो पक्षी ठराविक जागी उचलून नेतो, त्याचं जपानी नाव सरळ सरळ ओकारिना असं आहे. स्क्रीनवरचं चित्र पण गोलसर, ओकारिनाचंच. इंग्रजी आवृत्तीत मात्र त्याला फ्लूट केलं. जपानमध्ये ओकारिना हे ओळखीचं वाद्य होतं, अमेरिकेतल्या पोरांना ते कळणार नाही असा विचार झाला असेल, पण माझ्या मते तो निर्णय चुकलाच. कारण दोनच वर्षांनी, १९९३ ला, हातात धरायच्या कन्सोलवरच्या भागात इंग्रजीतही ओकारिना हाच शब्द ठेवला, म्हणजे शब्द चालत होता की! मग इंग्रजीतून खेळणाऱ्यांसाठी झालं असं की १९९१ च्या भागात फ्लूट, १९९३ ला अचानक ओकारिना, १९९८ ला तर गेमच्या नावातच ओकारिना, आणि ही सगळी एकाच घराण्यातली वाद्यं आहेत हे कुणाच्या लक्षातच आलं नाही. आपण सगळे इंग्रजीतूनच खेळलो, म्हणून मराठीत बोलतानाही "ती जादूची बासरी" असं सहज तोंडात येतं.

बासरी म्हटलं तर काय बिघडलं, असं विचारतात लोक. बिघडतं. बासरीत हवेच्या खांबाची लांबी बदलून स्वर बदलतो, म्हणून भोक कुठे पाडलंय याला महत्त्व. ओकारिना म्हणजे बंद भांडं, तिच्यात एकूण किती भोकं उघडी आहेत आणि ती केवढी आहेत यावर स्वर ठरतो, जागेनं जवळपास फरक पडत नाही. आणि बासरीत जोरात फुंकून वरच्या सप्तकात जाता येतं तसं इथे जाता येत नाही, स्वर फक्त थोडासा चढतो. म्हणून ओकारिनाचा पल्ला छोटा.

आता हे डोक्यात ठेवून १९९८ च्या गेमचा, म्हणजे निन्टेन्डो ६४ चा, कंट्रोलर हातात घ्या. निळं ए बटण आणि चार पिवळी सी बटणं, पाचच स्वर. पांढरी एकचा सा धरला तर ए म्हणजे रे, सी खाली म, उजवं ध, डावं नी आणि वरचं म्हणजे तार सप्तकातला रे. सा, ग आणि प नाहीतच. एवढ्यात बारा धुना बसवल्यात. त्यातल्या सहा तर फक्त तीन स्वर दोनदा, काळाची धून म्हणजे ध रे म, ध रे म, झालं. वादळाची रे म रे, शेवटचा रे वरचा. दूरच्या जागी नेणाऱ्या सहा धुना जरा मोठ्या, पाच ते आठ स्वरांच्या. शिवाय वाजवताना स्टिक वर-खाली केली की स्वर चढतो-उतरतो, अगदी खऱ्या ओकारिनात फुंकर कमी-जास्त केल्यासारखा. ज्यानं कुणी हे केलं त्यानं वाद्य नीट समजून घेतलं होतं असं मला मनापासून वाटतं.

२००० च्या भागात तेच वाद्य अजून पुढे गेलं. काळाची धून सरळ वाजवली की पहिल्या दिवसाची सकाळ, उलटी वाजवली की वेळ संथ, प्रत्येक स्वर दोनदा वाजवला की थेट पुढचा अर्धा दिवस. मुखवटा घातला की ओकारिनाचं ढोल, गिटार नाहीतर तुताऱ्यांचा जुडगा होतो, धून मात्र तीच राहते.

त्यानंतर २००२ ला वाद्यवृंद चालवायची छडी, २००९ ला माइकमध्ये खरंच फुंकायची बासरी (ही मात्र खरी नळ्यांची, हिला खुशाल बासरी म्हणा), २०११ ला हार्प, आणि २०१७ च्या एवढ्या मोठ्या हायरूलमध्ये (गेममधलं राज्य) लिंकच्या हातात वाजवायला काहीच नाही.

२०११ मध्येच १९९८ चा गेम नव्यानं आला तेव्हा धुना एल, आर, वाय, एक्स, ए या बटणांवर गेल्या. स्वर तेच, पण आधी वरचं बटण म्हणजे वरचा स्वर, खालचं म्हणजे म, हे बोटांनाच कळायचं, आता अक्षरं पाठ करावी लागतात. राजकन्येची धून माझ्या अजूनही डावं, वर, उजवं अशीच लक्षात आहे, नवीन आवृत्ती खेळताना आधी ती म्हणायची आणि मग बटण शोधायचं असं करावं लागतं.