जागा मला हवी होती की तो माणूस तिथं नको? निगम-मंडळाच्या नेमणुकीवरच्या दोन वेगळ्या केसेस

बेळगाव, खानापूर, निपाणी, कुठंही जावा, लोक एकच विचारायलेत, अमक्या सरकारी निगमावर नाहीतर मंडळावर वशिल्यानं माणूस बसवलाय, कोर्टातून स्टे कसा आणायचा. स्टेचं नंतर बघू, आधी केस कुठली टाकणार ते ठरवा. कारण दोन्ही केसेस हायकोर्टात, दोन्ही घटनेच्या कलम 226 खाली आणि दोन्हीला आपण नुसतं ‘रिट टाकली’, म्हणजे सरकारी निर्णयाविरुद्ध हायकोर्टात अर्ज केला, असं म्हणतो, त्यामुळं हमखास घोळ होतो. एक केस डावललेल्या उमेदवाराची, की निवड चुकीच्या पद्धतीनं झाली, ती रद्द करा आणि माझा परत विचार करा. दुसरी को वॉरंटोची, की हा माणूस कुठल्या कायद्यानं या खुर्चीवर बसलाय ते दाखवा, नसेल दाखवता येत तर उठवा.

को वॉरंटोवर लोकांची आशा फार, म्हणून ते आधी. यात तुम्ही उमेदवार असायची गरज नाही, कुठलाही नागरिक जाऊ शकतो. नोकरीच्या प्रकरणात जनहित याचिका चालत नाही पण को वॉरंटो चालते, हे सुप्रीम कोर्टानं झारखंडच्या वीज मंडळाच्या अध्यक्षाच्या केसमध्ये 2010 साली परत स्पष्ट केलंय. पण दार मोठं असलं तरी आत मुद्दा एकच चालतो, कायद्यात लिहिलेली अट मोडली का? माणूस लायक नाही, त्याच्यापेक्षा हुशार माणसं होती, मंत्र्याचा खास आहे, हे कितीही खरं असलं तरी तेवढ्यावर काम होत नाही.

आपल्याच राज्यातलं उदाहरण घ्या. कर्नाटक शहरी पाणीपुरवठा आणि ड्रेनेज मंडळाच्या एमडीच्या नेमणुकीला तिथल्या कर्मचारी संघटनेनं आव्हान दिलं, हायकोर्टानं नेमणूक रद्दही केली, पण 2006 मध्ये सुप्रीम कोर्टानं ते फिरवलं. म्हणणं काय, तर कायद्यातली तरतूद मोडल्याशिवाय को वॉरंटो निघत नाही, माणूस योग्य की अयोग्य ते नेमणारा बघेल. याच्या बरोबर उलट 2012 ची उत्तर प्रदेशच्या वीज नियामक आयोगाची केस. वीज कायद्याच्या कलम 85 मध्ये लिहिलंय की नाव सुचवायच्या आधी या माणसाचे कामात आड येतील असे आर्थिक किंवा दुसरे हितसंबंध नाहीत याची खात्री निवड समितीनंच करायची, समितीनं ते केलं नाही आणि सरकारवर सोडून दिलं. अध्यक्षांची नेमणूक गेली! एवढीशी अट, पण ती कायद्यात होती.

म्हणून नेमणुकीचा आदेश हातात आला की तो नीट वाचून घ्या. कन्नडमध्ये असतो, आपल्यातल्या बऱ्याच जणांची अडचण तिथंच होते, तर चांगलं कन्नड येणारा माणूस बसवून ओळ न् ओळ वाचा. वर ‘ओदलागिदे’ (म्हणजे ‘वाचलं’) खाली जुन्या पत्रांचे नंबर असतात, मग ‘प्रस्तावने’, आणि शेवटी खरा आदेश. नेमणूक कुठल्या कायद्याच्या कुठल्या कलमाखाली केलीय ते शोधा आणि मग मूळ कायद्यातलं ते कलम काढून पात्रता ताडून बघा. सरकारनं नुसतं नॉमिनेट करायचं आणि पात्रतेची काही अटच नाही असं पद असेल तर को वॉरंटोत फारसं काही हाती लागत नाही, हे मी कुणाला स्पष्ट सांगितलं की राग येतो, पण आधी कळलेलं बरं.

आता दुसरी केस, डावललेल्या उमेदवाराची. इथं प्रक्रिया तपासली जाते आणि पक्षपाताचा मुद्दा मांडता येतो. 1969 चा क्रायपाक निकाल यातला पायाच म्हणा. जम्मू-काश्मीरच्या वनखात्यातून निवड होती, तिथले कार्यकारी मुख्य वनसंरक्षक निवड मंडळावर होते आणि स्वतः उमेदवारही होते. स्वतःच्या नावाच्या वेळी ते उठून गेले होते, पण बाकीच्यांची नावं ठरवताना बसलेच होते, आणि यादीत त्यांचं नाव सगळ्यात वर! सुप्रीम कोर्टानं निवड रद्द केली. त्या अधिकाऱ्यानं खरंच पक्षपात केला हे दाखवायची गरज नाही, तशी रास्त शंका येण्यासारखी परिस्थिती होती एवढं बास. भरती चालू झाल्यावर मध्येच निकष बदलता येत नाहीत, आधीच्या नियमात तशी सोय असेल तरच, हे नोव्हेंबर 2024 मध्ये पाच जजांच्या घटनापीठानंही सांगितलं. मार्कांवर मात्र कोर्ट सहसा हात घालत नाही, म्हैसूर विद्यापीठाच्या केसमध्ये 1963 लाच न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी लिहून ठेवलंय की तज्ज्ञांच्या मतात कोर्टानं जपून पडावं.

इथं आपली मुलं फसतात ती एका गोष्टीवर. जाहिरात बघितली, त्यात खोट दिसली, तरी गप्प बसून मुलाखत दिली आणि नाव आलं नाही की कोर्टात. 1995 च्या मदनलाल केसपासून कोर्टाचं उत्तर ठरलेलं आहे, संधी घेऊन बघितली आणि हरल्यावर तक्रार करतो म्हणालास तर ऐकणार नाही. खोट दिसली की लगेच लेखी हरकत द्या, पोहोच घ्या, तारखेसकट. मार्क आणि समितीच्या बैठकीचे कागद आरटीआयमधून मागा, दहा रुपये फी, 30 दिवसांत उत्तर द्यायला लागतं.

जायचं कुठं? बेळगावकरांना धारवाड खंडपीठ, हायवेनं जाताना धारवाडच्या अलीकडंच. बेळगावात केएटीचं, म्हणजे कर्नाटक प्रशासकीय न्यायाधिकरणाचं, बेंच आहे म्हणून काही जण तिथं धावतात, पण ते मुळात राज्य सरकारच्या नोकरांसाठी, निगम-मंडळाचा वाद तिथं चालायला सरकारचं तसं नोटिफिकेशन लागतं, वकिलांना हे पहिल्याच भेटीत विचारा.

आणि मिळणार काय तेही बघा. को वॉरंटो जिंकलात तर खुर्ची रिकामी होते, तुम्हाला मिळत नाही. निवडीची केस जिंकलात तरी बहुतेक वेळा परत विचार करा एवढाच आदेश होतो. उमेदवारानं दोन्ही मागण्या एकाच अर्जात, एक मुख्य आणि एक पर्यायी, अशा मांडता येतात, फक्त निवड झालेल्या माणसाला पार्टी, म्हणजे केसमधला प्रतिवादी, केल्याशिवाय अर्ज टाकू नका, त्याचं ऐकून न घेता कोर्ट त्याची नेमणूक रद्द करत नाही.