गोगलगायीला बेंबी असते का?

मृगाचा पाऊस पडून आठवडा झाला की चोपड्याकडच्या केळीबागांत सकाळचं एक काम वाढतं. बादली घ्यायची आणि गोगलगायी वेचायच्या. यंदा शेजारच्या आप्पांनी अशीच अर्धी बादली माझ्या ओट्यावर आणून ठेवली. वर जुनी ताटली, ताटलीवर दगड. "भाऊ, हाई कोनती जात शे?"

मी चष्मा पुसत म्हटलं, "आप्पा, आधी हिला बेंबी आहे का ते बघू."

आप्पांना वाटलं मी थट्टा करतोय. पण गोगलगायीची ओळखपरेड खरोखर तिथूनच सुरू होते. बैलाचा दोर काठीभोवती गुंडाळा आणि मग काठी हळूच ओढून काढा. दोराच्या वेटोळ्यांत मधोमध जी पोकळी राहील, तशीच शंखाच्या वेटोळ्यांतही राहते आणि बुडाशी भोकासारखी दिसते. तिला शास्त्रात लॅटिन शब्द आहे, पण त्याचा अर्थ बेंबी एवढाच. काही जातींत ही बेंबी बोट जाईल इतकी रुंद असते, काहींत टाचणीच्या टोकाएवढी. आणि वेटोळी इतकी घट्ट बसली की मध्ये जागाच उरली नाही, तर बेंबी नसतेच. तिथे वेटोळ्यांच्या आतल्या भिंती एक होऊन भरीव खांब तयार होतो. त्याला मध्यस्तंभ म्हणू.

आप्पांच्या बादलीतल्या मोठ्या, तपकिरी पट्ट्यांच्या गोगलगायींना बेंबी नव्हती. शंख पालथा करून तोंडात पाहिलं तर मध्यस्तंभ खाली येता येता कोणी विळ्यानं छाटल्यासारखा अचानक संपलेला. हीच ती शंखी गोगलगाय, पूर्व आफ्रिकेतली. आकार आणि पट्टे बघून कोणीही सांगेल म्हणा, पण पिल्लू नखाएवढं असतं तेव्हा पट्टे फसवतात आणि छाटलेला खांब कामाला येतो. बादलीत तळाशी काही बारक्याही होत्या: चपट्या, पातळ, तेल लावल्यासारख्या चकचकीत. त्यांना अगदी बारीक बेंबी होती. आणि ताटलीच्या आतल्या बाजूला एक काळी, बिनशंखाची शेंबी चिकटलेली. म्हणजे अर्ध्या बादलीत तीन वेगवेगळी घराणी निघाली.

शंखाचे बाकीचे शब्द शिंप्याच्या दुकानात चालतील असे आहेत. दोन वेटोळी जिथे जुळतात ती शिवण. सगळ्यात वरचं टोक ते शिखर. अंड्यात असतानाच बनलेलं पहिलं एक-दीड वेटोळं तिथे असतं आणि त्याच्यावरची नक्षी पुढच्या वेटोळ्यांपेक्षा बऱ्याचदा वेगळी असते. सगळ्यात खालचं मोठं वेटोळं हे देहाचं घर. त्याचं उघडं दार म्हणजे तोंड आणि तोंडाची कड म्हणजे ओठ. काही जातींत वयात आल्यावर ओठ जाड होऊन बाहेर दुमडतो, साडीच्या काठाला फॉल लावल्यासारखा. मग शंख वाढायचा थांबतो. आपल्या आफ्रिकन पाहुणीचा ओठ मात्र पातळच राहतो.

डावं-उजवं हा वेगळाच घोळ आहे. शिखर वर आणि तोंड आपल्याकडे धरा. तोंड उजव्या हाताला आलं तर शंख उजवा, डावीकडे आलं तर डावा. जगातल्या बहुतेक गोगलगायी उजव्या. पण मुंबई-कोकणाकडची ॲरिओफँटा लेव्हिपेस ही जात सरसकट डावी. इतर जातींत कधीतरी एखादा जीव चुकून डावा निघतो आणि त्याचं लग्न जमायची पंचाईत होते, कारण गोगलगायीचं जननद्वार डोक्याच्या एका बाजूला असतं आणि डाव्याचं नेमकं उलट्या बाजूला. २०१६ मध्ये इंग्लंडात नॉटिंगहॅमच्या संशोधकांनी 'जेरेमी' नावाच्या अशाच एका डाव्या गोगलगायीसाठी डावा जोडीदार शोधायची जाहीर मोहीम काढली होती. पुढे पिल्लं झाली, ती सगळी उजवी. पिल्लाचं वळण त्याच्या स्वतःच्या जनुकांवर ठरत नाही, आईच्या जनुकांवर ठरतं, हे मात्र १९२० च्या दशकापासून माहीत आहे.

देव्हाऱ्यातल्या दक्षिणावर्ती शंखाचं काय, असं कोणी विचारण्याआधीच सांगतो. दक्षिण म्हणजे उजवा, पण प्राणिशास्त्राच्या हिशेबानं तो शंख डावा. भांडण नाही, धरायची पद्धत वेगळी. पूजेत शंखाचं निमुळतं, पन्हाळीसारखं टोक वर धरतात, शास्त्रज्ञ शिखर वर धरतात. शंख उलटा केला की तोंड दुसऱ्या हाताला येतं, एवढंच. समुद्रातल्या खऱ्या पूजेच्या शंखात असा नमुना फार दुर्मीळ, म्हणून त्याची किंमत. अमेरिकेच्या किनाऱ्यावर एक शंख मात्र जातीनंच डावा असतो आणि तो 'दक्षिणावर्ती' म्हणून सर्रास खपतो. आप्पांकडेही एक आहे. बराच महाग घेतलेला. तो मी अजून नीट निरखून पाहिलेला नाही आणि पाहणारही नाही.

आता खरी अडचण. हे सगळं शंखाचं झालं, आणि शंख खोटं बोलतो.

कोरड्या हवेत, चुनखडीवर किंवा पानापानांत राहायचं तर विशिष्ट आकार सोयीचा पडतो. म्हणून एकमेकींशी काडीचं नातं नसलेल्या गोगलगायींचे शंखही जुळ्या बहिणींसारखे दिसू शकतात. प्राण्यांना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनिअसनं १७५८ मध्ये 'हेलिक्स' नावाच्या एकाच पोत्यात अशा कितीतरी कोंबल्या होत्या. पुढची शंभरेक वर्षं लोक समुद्रपार शंख गोळा करत राहिले, रिकामे, स्वच्छ धुतलेले, कापसात गुंडाळलेले. आतला जीव फेकून दिलेला. घर बघून माणसाचं आडनाव सांगायचा हा प्रकार.

आपल्याकडे हे चित्र बदलण्यात ज्या माणसांचा हात होता त्यातला एक खानदेशात हिंडून गेलेला आहे. विल्यम ब्लँफर्ड हा भूवैज्ञानिक. तापी आणि नर्मदेच्या खोऱ्यांतल्या खडकांवरचं त्याचं काम १८६९ मध्ये प्रसिद्ध झालं. पण दगडांइतकाच त्याला गोगलगायींचा नाद होता. दुसरा हेन्री गॉडविन-ऑस्टिन, काराकोरममध्ये हिमनद्यांची मोजणी करणारा सर्वेक्षक. के-टू शिखराला एकेकाळी त्याचंच नाव लावायचे. या डोंगर चढणाऱ्या माणसानं आयुष्याचा मोठा भाग भिंगाखाली गोगलगायी फाडण्यात घालवला. शंख पुरेसा नाही, आतलं शरीर बघा, हा त्याचा हट्ट. १९०५ मध्ये ब्लँफर्ड गेला आणि भारतातल्या जमिनीवरच्या गोगलगायींवरचा दोघांच्या नावाचा खंड १९०८ मध्ये निघाला, तोपर्यंत हा हट्ट बऱ्यापैकी मान्य झालेला होता.

आत काय बघायचं? आप्पा म्हणाले, "काय बघनं! गोगलगाय नि पोटमा पाय." म्हण गरीब दिसणाऱ्या आतल्या गाठीच्या माणसाबद्दल आहे, पण शरीररचना म्हणून अक्षरशः बरोबर आहे. फ्रेंच शास्त्रज्ञ क्युव्हिएनं १७९५ मध्ये या वर्गाला जे ग्रीक नाव दिलं त्याचा अर्थही 'पोटपाय'. तळवा काचेवरून चालवला तर खालून दिसतो. काही घराण्यांत त्या तळव्यावर दोन उभ्या रेघा असतात आणि त्याचे तीन पट्टे पडतात, काहींत तो सलग असतो. बादलीतल्या त्या बारक्या चकचकीत गोगलगायीला मी काचेच्या पेल्यावर सोडलं. शेपटीच्या टोकाला एक खाच आणि खाचेवर पुढे आलेलं छोटं शिंग. आपल्या देशातल्या एका मोठ्या घराण्याची ही खूण, आणि रिकाम्या शंखावर ती कुठेच सापडत नाही. शिवाय तिच्या अंगाचे दोन पातळ पदर तोंडातून बाहेर येऊन शंखावर जिभेसारखे फिरत होते. शंख इतका का चकाकतो, ते तेव्हा कळलं: तो रोज पुसला जातो.

हे पदर ज्याचे भाग आहेत त्याला प्रावार म्हणतात. शंख बनवणारा तोच. प्रावाराखालची पोकळी हे फुप्फुस आणि तिचं दार उजव्या बाजूला, शंखाच्या ओठाजवळ. एक गोल भोक सावकाश उघडतं, मिटतं. शौचाचं दारही त्याच्या शेजारीच, म्हणजे जवळजवळ मानेवर. निसर्गाचं हे वास्तुशास्त्र मला तरी कधी पटलेलं नाही. डोक्यावर शिंगांच्या दोन जोड्या: वरच्या लांब जोडीच्या टोकाला डोळे, खालची आखूड जोडी चव आणि स्पर्शासाठी. सह्याद्रीत काही गोगलगायींच्या पायावर शंखाचं तोंड बंद करणारं घट्ट झाकण असतं. त्यांची गोष्टच निराळी: शिंगांची एकच जोडी, डोळे शिंगांच्या बुडाशी, आणि नर-मादी वेगळे. बाकी बहुतेक गोगलगायी एकाच अंगात नर आणि मादी दोन्ही. आपल्याकडे एप्रिल-मेच्या उन्हात शंखी गोगलगाय दार लावते ते झाकण नव्हे. चिकट स्राव सुकून झालेला तो तात्पुरता पडदा. काळ्या मातीच्या भेगांत ती तशीच पडून राहते आणि पाऊस झाला की पडदा फोडून बाहेर येते.

तोंडात एक लांब फीत असते, तिच्यावर सूक्ष्म दातांच्या ओळी. मराठीत तिला किसणी म्हणायला हरकत नाही. समोरचे दात झिजतात आणि मागून नवीन ओळी सरकत येतात. मधला दात एक, मग शेजारचे, मग कडेचे. त्यांची संख्या सूत्र म्हणून लिहितात. पानं खाणारीचे दात बोथट, चौकोनी. दुसऱ्या गोगलगायी खाणारीचे विळ्यासारखे. पण सगळ्यात भरवशाचा पुरावा जननेंद्रियांत. नळ्या, पिशव्या, ग्रंथी कुठून निघतात, कुठे जुळतात, हे जाती-जातींत इतकं ठाम वेगळं असतं की आज डीएनए वाचता येत असूनही अभ्यासक ती चित्रं काढतातच. काही घराण्यांत तिथे एक बाणही असतो. मीलनाआधी जोडीदाराच्या अंगात तो खरोखर टोचला जातो.

हे सगळं पाहायचं तर जीव सैल पडलेला हवा. कॉलेजात असताना मी पहिली गोगलगाय थेट स्पिरिटमध्ये टाकली होती. तिनं अंग आत ओढलं ते सुपारीसारखं कडक झालं आणि दोन ब्लेड तुटली. सरांनी नंतर सांगितलं की बरणी काठोकाठ उकळून गार केलेल्या पाण्यानं भरायची, हवेचा बुडबुडा राहू द्यायचा नाही, रात्रभर ठेवायचं आणि सकाळी सत्तर टक्के अल्कोहोलमध्ये घालायचं. हे आधी सांगितलं असतं तर काय बिघडलं असतं, हा प्रश्न मला अजून पडतो.

राहिली शेंबी. शेंबी म्हणजे काही एक जात नाही, एक घराणंही नाही. शंख गमावण्याचा उद्योग वेगवेगळ्या घराण्यांनी आपापल्या परीनं अनेकदा केलेला आहे. सह्याद्रीत अर्ध्या वाटेवर थांबलेल्याही आहेत: पाठीवर अंग न मावणारा, नखासारखा शंख घेऊन फिरणाऱ्या. काहींत शंखाचं एक पांढरं पापुद्र्यासारखं पान कातडीखाली उरतं. ताटलीला चिकटलेली काळी मात्र लेव्हिकॉलिस अल्टे निघाली. बोटभर लांब, चपटी, पाठीच्या मधोमध फिकट रेघ. तिच्या आत शंखाचा कपटाही नाही. मी आप्पांना म्हटलं, हिचं श्वासाचं भोक शोधा. त्यांनी उजवी बाजू पाहिली, डावी पाहिली. ते नसतंच; प्रावारानं सगळी पाठ झाकलेली आणि फुप्फुसाची पोकळीच नाही, श्वास कातडीतून. शौचाचं दार सरळ मागे, जिथे असायला हवं तिथे. आप्पांनी केळीच्या पानाची शीर तोडून तिच्या शिंगाला लावली. शिंग आखडलं, पण आत गेलं नाही. मग तीच शीर मोठ्या शंखीच्या शिंगाला लावली. ते टोकापासून आत उलटत गेलं, पायमोजा उलटा करावा तसं, डोळ्यासकट. दोघी एकाच बादलीतल्या, पण त्यांचं नातं किती दूरचं आहे ते एवढ्यात कळतं.

शंखीबद्दल आप्पांना फारसं प्रेम असायचं कारण नाही. १८४७ मध्ये बेन्सन नावाच्या शंखशौकिनानं ती मॉरिशसहून कोलकात्याला आणली आणि ती चौरंगीच्या एका बागेत सोडली गेली. तिथून ती देशभर पसरली. एका खेपेला शंभर ते चारशे अंडी घालते. २०२२ च्या पावसाळ्यात लातूर, बीडकडे गोगलगायींनी सोयाबीनची कोवळी रोपं अशी फस्त केली की दुबार पेरणीची वेळ आली. गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटं संध्याकाळी बांधावर टाकायची आणि सकाळी त्यांच्याखाली जमलेल्या वेचायच्या, बागेभोवती चुन्याचा पट्टा ओढायचा, हे उपाय आप्पा करतातच. फक्त उघड्या हातानं वेचतात, ते मला आवडत नाही. हिच्या अंगात मेंदूपर्यंत पोचणारा उंदरांच्या फुप्फुसातला जंत असू शकतो. मी त्यांना हातमोजे दिले. ते त्यांनी खिशात घातले.

जाताना बादली मिठाच्या पाण्यासाठी उचलली. मी म्हटलं, "बारकी एक ठेवा." आप्पांनी ती दोन बोटांत धरली, पालथी केली, डोळे बारीक करून पाहिली आणि माझ्या तळहातावर ठेवली.

"शे," म्हणाले. "बेंबी शे हिले."