जादूच्या खेळांचे शिक्षणग्रंथ आणि ग्रामीण विदर्भ

जादूच्या खेळांचे शिक्षणग्रंथ : हातचलाखी, नजरबंदी आणि साधनांच्या साहाय्याने घडवलेले भास यांची कृती उलगडून सांगणारे लेखन. गारुड्याचा खेळ विदर्भातल्या जत्रा पाहिलेल्या वाचकाच्या परिचयाचा आहे. येथे विचार केला आहे तो कृती लिहून ठेवण्याच्या परंपरेचा. मंत्रतंत्राने सिद्धी मिळवून देऊ म्हणणाऱ्या ‘इंद्रजाल’ नावाच्या पोथ्या या वर्गात मोडत नाहीत. यात्रेतल्या पुस्तकांच्या दुकानात मात्र दोन्ही प्रकार शेजारी मांडलेले असतात, आणि त्यातून होणारी गल्लत ग्रंथसूचीपुरती राहत नाही.

या परंपरेचा आरंभ कोठे मानावा याबद्दल एकमत नाही. ‘कामसूत्रा’तील 64 कलांच्या यादीत हस्तलाघव (हातचलाखी) आणि ऐंद्रजाल (भास घडवण्याची कला) यांची नावे येतात, पण मूळ सूत्रांत कृती नाही. कौटिलीय ‘अर्थशास्त्रा’त ती आहे. परंपरेनुसार या ग्रंथाचा काळ इ.स.पू. चौथे शतक, अनेक आधुनिक अभ्यासक मात्र आजचे स्वरूप इसवी सनाच्या आरंभीच्या शतकांतले मानतात, आणि तेच अधिक संभाव्य दिसते. चौदाव्या अधिकरणात (भागात) अद्भुत गोष्टी दाखवण्याचे योग, म्हणजे कृती, दिले आहेत. त्यांतले बरेचसे प्रत्यक्षात उतरणारे नाहीत, म्हणून त्यांना शिक्षणग्रंथ म्हणणे धाडसाचे ठरेल. तेराव्या अधिकरणाच्या आरंभीचा मजकूर वेगळा आहे. भुयारातून पोकळ देवमूर्तीत माणूस शिरवायचा आणि राजा देवाशी बोलतो असे लोकांना दाखवायचे, ही तेथील सूचना कोणत्याही मंत्रावाचून अमलात येऊ शकते. हेतू अर्थातच लोकांना फसवण्याचा आहे.

हीच युक्ती विदर्भाच्या कथेत पुन्हा भेटते. दंडी या संस्कृत लेखकाच्या ‘दशकुमारचरिता’तील (सु. 700) विश्रुताचा वृत्तांत विदर्भाच्या राजकुळाभोवती फिरतो. राज्य गेलेल्या राजपुत्राला घेऊन विश्रुत देवीच्या मूर्तीखाली आधीच करून ठेवलेल्या विवरात लपतो आणि लोकांसमोर प्रकट होतो. मूल देवीनेच परत दिले अशी सर्वांची खात्री पटते. इतिहाससंशोधक वा. वि. मिराशी यांनी या वृत्तांतात विदर्भाच्या वाकाटक राजघराण्याच्या अखेरच्या काळाचे प्रतिबिंब पाहिले. राजकीय तपशिलांपुरते ते मत ग्राह्य वाटते. देवळातला प्रसंग मात्र इतिहासातून नव्हे, ग्रंथातून आला असावा, कारण याच उच्छ्वासात (प्रकरणात) विष्णुगुप्ताने, म्हणजे कौटिल्याने, मौर्यासाठी 6,000 श्लोकांत संक्षेपलेल्या दंडनीतीचा (राज्यशास्त्राचा) उल्लेख आहे. दंडीपुढे अर्थशास्त्राची परंपरा होती, हे त्यावरून उघड आहे.

युरोपात 1584 हे वर्ष महत्त्वाचे. रेजिनाल्ड स्कॉट या इंग्रज लेखकाने त्या वर्षी चेटकिणींविषयीच्या समजुतींवर ग्रंथ लिहिला आणि त्यात हातचलाखीच्या कृती दिल्या. मधोमध खाच असलेली सुरी दंडावर बसवली की ती आरपार गेल्यासारखी दिसते. त्याने तिचे चित्रच छापले. चेटूक म्हणून ज्यासाठी माणसे फासावर जात होती, ते कसबी हातांनाही करता येते हे त्याला दाखवायचे होते. पहिल्या जेम्स राजाने या ग्रंथाच्या प्रती जाळवल्या असे सांगतात, पण त्यास समकालीन आधार नाही. पुढे फ्रान्समध्ये रोबेर-हूदँ (1868) व इंग्लंडमध्ये प्रोफेसर हॉफमन (1876) यांनी रंगमंचीय जादू पद्धतशीर शिकवणारी पुस्तके लिहिली.

विदर्भातील गारुडी, मदारी यांच्याकडे विद्या बापाकडून मुलाकडे जाते. तीन वाट्यांच्या खेळाचे उदाहरण घ्या. भारतीय वाटी उथळ असते व तिच्या पाठीवर गोंडा असतो. तो तर्जनी आणि मध्यमा यांच्या बेचक्यात धरून वाटी उचलायची. त्यामुळे उरलेली बोटे मोकळी राहतात आणि जास्तीची गोळी त्यांच्या आड दडते. डमरूचा ठेका चुकला की नजर हातावर येते. हा ठेका कागदावर उतरत नाही.

विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात कृती सांगण्याचे काम अंधश्रद्धा निर्मूलनाच्या चळवळीने उचलले. अखिल भारतीय अंधश्रद्धा निर्मूलन समिती 1982 मध्ये नागपुरात स्थापन झाली. चळवळीचे कार्यकर्ते गावच्या चौकात पोटॅशियम परमँगनेटवर ‘तूप’ म्हणून ग्लिसरीन ओततात. काही क्षणांत धूर निघतो आणि काडी न ओढता होम पेटतो. जास्वंदीचा रस लावून वाळवलेल्या सुरीने लिंबू कापले की आंबट रसामुळे ‘रक्त’ निघते. मग दोन्हींची कृती तेथेच सांगितली जाते, आणि प्रयोगाचे खरे मोल या सांगण्यात आहे. स्कॉटच्या हेतूशी याचे नाते थेट आहे.

त्याची निकड जुनी झालेली नाही. जादूटोणाविरोधी कायदा 2013 मध्ये झाला. तरी ऑगस्ट 2021 मध्ये चंद्रपूर जिल्ह्याच्या जिवती तालुक्यातील वणी खुर्द येथे भानामतीच्या संशयावरून वृद्धांसह सात जणांना भरचौकात बांधून मारहाण झाली.