गेडिस यांची इंदूरमधील दिवाळी मिरवणूक

स्कॉटलंडचे जीवशास्त्रज्ञ व नगररचनाकार पॅट्रिक गेडिस (१८५४–१९३२) यांनी होळकर संस्थानच्या राजधानीत, पहिल्या महायुद्धाच्या उत्तरार्धात, दिवाळीला काढलेली मिरवणूक. प्लेगने गांजलेले शहर लोकांकडूनच साफ करून घेणे आणि नव्या नगररचनेचा आराखडा त्यांना गोष्टीच्या रूपात दाखवणे, असा तिचा दुहेरी हेतू होता. शहराच्या नियोजनात कथेचा जाणूनबुजून वापर झाल्याचे भारतातले हे बहुधा सर्वांत रंगतदार उदाहरण.

मुंबईत १८९६ मध्ये प्लेग आला. पुढच्या वर्षी पुण्यात घरझडत्या झाल्या, माणसे सक्तीने छावण्यांत हलवली गेली आणि प्लेग अधिकारी रँड याचा खून झाला. मुंबईत १८९८ मध्ये इम्प्रूव्हमेंट ट्रस्ट स्थापन झाला. रुंद रस्ते काढण्यासाठी दाट वस्त्या पाडणे हे त्याचे मुख्य काम. तेव्हापासून मोजमाप करणारा साहेब गल्लीत दिसला की घर जाणार, असे लोकांच्या मनात पक्के बसले. गेडिस यांना हे पाडकाम मान्य नव्हते. मद्रासचे गव्हर्नर लॉर्ड पेंटलंड यांच्या निमंत्रणावरून ते १९१४ मध्ये भारतात आले. त्यांचे नगररचनेचे प्रदर्शन घेऊन येणारे जहाज जर्मनांच्या ‘एम्डेन’ युद्धनौकेने बुडवले, तेव्हा त्यांनी नवे प्रदर्शन जमवले. शहर पायी फिरून वाचावे, विहीर, देऊळ, झाड जागच्या जागी राखावे आणि अगदी अडणारी तेवढीच घरे हलवावीत, ही त्यांची रीत.

इंदूरच्या गल्ल्यांत मात्र ते दिसले की लोक बोट दाखवत आणि घरात शिरत. सोबतच्या माणसाला त्यांनी कारण विचारले. ‘प्लेग आणणारा म्हातारा साहेब’ म्हणून आपली ख्याती झाल्याचे त्यांना कळले. म्हणजे त्यांच्याविषयीची एक गोष्ट आधीच गावभर फिरत होती. तिला उत्तर म्हणून दवंडी किंवा सरकारी पत्रक पुरले नसते. गेडिस यांनी दुसरी गोष्ट रचायचे ठरवले आणि एका दिवसापुरते आपल्याला महाराज करा, अशी मागणी दरबाराकडे केली. तुकोजीराव होळकर (तिसरे) यांच्या दरबाराने ती मानली.

पहिली चाल मिरवणुकीच्या वाटेची होती. मिरवणूक नेहमीच्या मार्गाने जाणार नाही, ज्या भागातली घरे आणि रस्ते सर्वांत स्वच्छ व डागडुजी केलेले असतील तिथूनच जाईल, असे जाहीर झाले. झाडलोट, रंगरंगोटी, कचऱ्याच्या गाड्या यांची एकच धांदल उडाली. दंडाच्या धाकाने जे झाले नसते ते आपल्या दारावरून मिरवणूक जावी या हौसेने झाले.

मिरवणुकीचा क्रम नाटकाच्या अंकांसारखा बांधलेला होता. आघाडीला हत्ती, उंट, सुगीचे देखावे, लक्ष्मी. हे लोकांच्या ओळखीचे. मग सूर बदलून अस्वच्छतेचे राक्षस, मोडकळीला आलेल्या वस्तीचे देखावे, पिसवांसकट प्रचंड उंदीर, हिवतापाचे डास. त्यानंतर पुन्हा आनंदी वाद्ये आणि त्यांच्यामागे नव्या कपड्यांतले झाडूवाले, हारांनी सजवलेले झाडू आणि कचऱ्याचे गाडे. पाठोपाठ नव्या रथावर एक नवीच देवता होती : इंदूर नगरी. तिच्या निशाणावर शहराचा नकाशा होता आणि त्यात सुचवलेले बदल लाल रेघांनी दाखवलेले. नव्या घरांच्या आणि सार्वजनिक इमारतींच्या प्रतिकृती, कारागीर, शेवटी फळाफुलांचे गाडे व वाटायला तुळशीची रोपे. दिवसाच्या अखेरीस घाणीचा राक्षस आणि प्लेगचा उंदीर जाळण्यात आले. नरकचतुर्दशीला पहाटे नरकासुर जाळणाऱ्या गोव्यातल्या वाचकाला यातली युक्ती समजावून सांगायला नको. फरक इतकाच की इथल्या असुराचे नाव आरोग्य खात्याच्या दप्तरातून आले होते.

ही कल्पना गेडिस यांना अचानक सुचलेली नव्हती. १९१२ मध्ये एडिंबरोत त्यांनी शिक्षणाचा इतिहास पात्रांच्या मिरवणुकीतून रंगमंचावर आणला होता. त्या काळच्या नगररचनेत कथेला मानही होता. अमेरिकन लेखक एडवर्ड बेलमी यांच्या १८८८ च्या कादंबरीतले इसवी सन २००० चे बॉस्टन वाचून इंग्लंडचे एबेनेझर हॉवर्ड भारावले. १८९८ मध्ये त्यांनी उद्यान-नगरीची, म्हणजे मोकळ्या हिरव्या जागा राखून वसवायच्या नव्या शहराची, योजना मांडली आणि १९०३ मध्ये तिच्यानुसार इंग्लंडात लेचवर्थ हे शहर उभे राहू लागले.

प्लेग ओसरला, पण त्याचे श्रेय मिरवणुकीला देणे घाईचे ठरेल. साथीचा मोसम सरत आला होता आणि डॉक्टरांचे कामही चालू होते. खुद्द गेडिस यांनीही हे मान्य केले. त्यांचा इंदूरविषयीचा दोन खंडांचा अहवाल १९१८ मध्ये निघाला आणि १९१९ ते १९२४ या काळात ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्र व नागरिकशास्त्राचे प्राध्यापक होते. समाजशास्त्रज्ञ गो. स. घुर्ये हे तिथले त्यांचे विद्यार्थी.

या प्रसंगाकडे भाबडेपणाने पाहू नये. आज जे वर्णन पुन्हा पुन्हा सांगितले जाते ते मुळात गेडिस यांच्याच तोंडचे, आणि त्या वर्णनाचा नायकही तेच. झाडूवाल्यांना एक दिवस मान मिळाला, पण झाडू त्याच जातींच्या हाती राहिला. आणि गोष्ट लागू पडली ती केवळ रसाळ होती म्हणून नव्हे, तर तिच्या पाठीशी दरबाराचा खजिना आणि हुकूम होता म्हणून.

मुंबईचे गिरणगाव याची उलट बाजू दाखवते. तिथे गोष्टींची वाण नव्हती, पण त्यांच्या पाठीशी सत्ता नव्हती. अण्णाभाऊ साठे यांच्या लावण्या, नारायण सुर्वे यांचा ‘माझे विद्यापीठ’ (१९६६) यांतून कामगारांची मुंबई मराठी वाचकाच्या मनात कायमची वसली. १९८२ च्या संपानंतर गिरण्या बंद पडत गेल्या, तेव्हा १९९१ च्या विकास नियमावलीने गिरण्यांच्या पुनर्विकासात जमिनीचा ढोबळमानाने एकतृतीयांश वाटा मोकळ्या जागांना आणि तितकाच परवडणाऱ्या घरांना ठेवला. २००१ मध्ये ही वाटणी फक्त आधीपासून रिकाम्या असलेल्या जमिनीपुरती करण्यात आली. बहुतेक गिरण्यांच्या आवारात इमारती आणि शेड उभ्या असल्याने शहराच्या वाट्याला फार थोडे उरले. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती वैध ठरवली.