हुरूफी पंथ

हुरूफी पंथ : ध्वनी, लिपी आणि माणसाचा चेहरा या तिन्हींतून एकच ईश्वरी तत्त्व प्रकटते असे मानणारा इराणी गूढवादी पंथ. ‘हुरूफ’ म्हणजे अक्षरे. चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात फजलुल्लाह अस्तराबादी (सु. 1340–1394) याने तो स्थापन केला.

फजलुल्लाह हा कॅस्पियन समुद्राजवळच्या अस्तराबादचा (आजचे गोर्गान). टोप्या शिवून तो पोट भरी. अन्नाच्या शुद्धतेविषयी तो इतका काटेकोर होता, की लोक त्याला ‘हलालखोर’, म्हणजे हलाल तेवढेच खाणारा, म्हणत. स्वप्नांचा अर्थ सांगणारा म्हणून त्याची आधी कीर्ती झाली. अक्षरांची शिकवण नंतरची. ‘जाविदाननामा’ हा त्याचा मुख्य ग्रंथ.

या शिकवणीनुसार प्रत्येक वस्तूचे सार म्हणजे तिचा ध्वनी. सजीवांत तो उघड असतो, निर्जीवांत सुप्त; दोन दगड एकमेकांवर आपटले की दगडातलाही बाहेर पडतो. ध्वनी पूर्णत्वाला पोहोचतो तो माणसाच्या बोलण्यात, आणि बोलणे बनते अक्षरांचे. इथवरचा विचार इतर गूढ परंपरांतही भेटतो. हुरूफींनी मात्र लिपीलाही वाणीच्या बरोबरीला बसवले. कानाला कळणारे तत्त्व डोळ्यांना दिसावे यासाठी त्याने घेतलेले रूप म्हणजे लेखन, अशी त्यांची श्रद्धा होती.

वाणी आणि लिपीचा हा सांधा कुराणातील सुट्या अक्षरांच्या विवेचनात सर्वांत स्पष्ट दिसतो. कुराणाच्या 29 सूरांच्या (अध्यायांच्या) आरंभी काही अक्षरे सुटी येतात. पुनरुक्ती वगळली तर ती 14 भरतात. पण ती वाचताना अक्षराचे नाव उच्चारावे लागते. ‘अलिफ’ म्हणताच फे ऐकू येतो, ‘साद’ म्हणताच दाल, ‘नून’ म्हणताच वाव. हे तिन्ही त्या चौदांत लिहिलेले नाहीत, तरी वाचणाऱ्याच्या तोंडून निघतात. अशी 17 अक्षरे झाली. अरबी वर्णमालेतली उरली 11. मुक्कामी असलेल्या मुसलमानाच्या दिवसभराच्या नमाजात 17 रकाती (उभे राहणे, वाकणे, माथा टेकणे यांची आवर्तने) असतात आणि प्रवाशाच्या नमाजात 11. दोन्हींची बेरीज 28, म्हणजे संपूर्ण अरबी वर्णमाला. शुक्रवारच्या 15 रकाती 17 मध्ये मिळवल्या की 32 होतात, आणि फारसी अक्षरेही 32 आहेत.

चेहऱ्याचे वाचनही याच पद्धतीचे. डोक्याचे केस, दोन भुवया आणि पापण्यांच्या चार ओळी या जन्मजात सात रेषांना ‘मातृरेषा’ म्हटले जाई. चार महाभूतांनी (पृथ्वी, पाणी, अग्नी, वायू) गुणल्यावर त्या 28 होतात. केसांत मधोमध भांग पाडला की सातच्या आठ रेषा होतात आणि गुणाकार 32 वर जातो. हा हिशेब आज ओढाताणीचा वाटेल, पण त्यामागचे म्हणणे फार मोठे होते : माणसाचा चेहरा हे ईश्वराच्या हातचे लिखाण आहे, आणि ते वाचता येते.

पे, चे, झे आणि गाफ ही अरबीत नसलेली चार अक्षरे फारसीत आहेत. म्हणून ईश्वरी वाणी फारसीत पूर्णत्वाला पोहोचली, असे फजलुल्लाहने मांडले. पंथाची सर्वांत धाडसी बाजू हीच आहे, असे म्हणता येईल. धर्मविद्येची भाषा अरबी असताना तो फारसीत लिहीत होता आणि मध्येमध्ये अस्तराबादची बोलीही वापरत होता. ती बोली पुढे लोपली. तिच्या अभ्यासाला आज मुख्य आधार आहे तो हुरूफी हस्तलिखितांचा. या हस्तलिखितांत नेहमीच्या संज्ञांसाठी संक्षेपचिन्हे वापरलेली असल्याने बाहेरच्याला ती सहज उलगडत नाहीत.

1394 मध्ये तैमूरचा मुलगा मीरानशाह याने नखचिवानजवळच्या अलिंजा किल्ल्यात फजलुल्लाहला ठार मारले. अनुयायांनी मीरानशाहचे नाव ‘मारानशाह’, म्हणजे सापांचा राजा, असे करून टाकले. फजलुल्लाहचा शिष्य इमादुद्दीन नसीमी हा अझरबैजानी तुर्की काव्यातला अग्रगण्य कवी. त्यालाही पाखंडी ठरवून पंधराव्या शतकाच्या आरंभी अलेप्पो येथे मारण्यात आले. जिवंतपणी त्याची कातडी सोलली, अशी परंपरा सांगते. 1427 मध्ये हेरातला तैमूरचा दुसरा मुलगा शाहरुख याच्यावर अहमद लुर या हुरूफीने सुरीहल्ला केला. शाहरुख वाचला, हुरूफींची मात्र धरपकड आणि कत्तल झाली. इराणात पंथ मावळत गेला. अनातोलियात त्याचे विचार बेकताशी सूफींमध्ये मिसळून टिकले.

महमूद पसीखानी याने हुरूफींपासून फुटून ‘नुक्तवी’ पंथ काढला. त्याने अक्षराऐवजी बिंदू मूळ मानला. इराणातल्या सफवी राजवटीत नुक्तवींचा छळ झाला आणि त्यांतले काही जण हिंदुस्थानात आले. त्यांच्यापैकी शरीफ आमुली आधी दख्खनला पोहोचला. तिथे त्याच्या मतांमुळे राज्यकर्ते त्याच्या जिवावर उठले होते. अखेर गाढवावर बसवून त्याची धिंड काढली, असे इतिहासकार बदायूनी लिहितो. पुढे माळव्यामार्गे तो अकबराकडे गेला. अकबराने त्याचे म्हणणे ऐकून घेतले आणि त्याला मनसब दिली.