डायमधला कोन ८८ अंशांचा का असतो?

पत्र्याची एक पट्टी बरोबर ९० अंशांत वाकवायची आहे. मग डायमध्येही, म्हणजे पत्र्याला आकार देणाऱ्या खालच्या पोलादी ठोकळ्यातही, ९० अंशच कोरावेत, असं कुणालाही वाटेल. पण तसं केलं तर प्रेसने, म्हणजे दाब देणाऱ्या यंत्राने, दाब काढून घेतल्यावर हातात येणारी पट्टी ९१ किंवा ९२ अंशांची निघते. दाब सुटताच पत्रा थोडा उघडतो. म्हणून डायचं डिझाइन करणारा मुद्दाम ८८ अंश धरतो, पत्र्याला गरजेपेक्षा जास्त वाकवतो आणि त्याला परत यायला दोन अंशांची जागा ठेवतो. मागे येता येता पत्रा ९० वर थांबतो.

मराठीत आपण डायला सहज ‘साचा’ म्हणतो. मला तो शब्द इथे फसवा वाटतो. साच्यात रस ओततात आणि रस गोठून साच्याचा आकार घेतो. प्रेसखालचा पत्रा मात्र घन असतो आणि जोर लावणाऱ्याला त्याचा विरोध असतो. पत्रा कुठे ताणला जाईल, कुठे गोळा होईल, कुठे फाटेल, दाब सुटल्यावर किती मागे येईल, या सगळ्याचं उत्तर डायच्या आकारात आधीच द्यावं लागतं. त्यामुळे चांगली डाय आणि तिच्यातून निघणारी वस्तू यांचे आकार बहुतेक वेळा तंतोतंत जुळत नाहीत.

पत्रा मागे का येतो? वाकवताना बाहेरची बाजू ताणली जाते, आतली दाबली जाते. या दोन्हींचा आकार कायमचा बदलतो. पण मधोमध एक थर असा राहतो, की ज्याला पुरेसा ताण बसलेलाच नसतो. तो अजून लवचीक असतो, आणि बाहेरच्या थरांतही लवचीक ताणाचा थोडा अंश साठलेला असतो. पंच, म्हणजे वरून पत्रा दाबणारा भाग, वर गेला की हे सगळं सुटतं. कारखान्यात याला स्प्रिंगबॅक म्हणतात. तो किती येईल हे मुख्यतः दोन गोष्टींवर ठरतं: धातू कायमचा वाकायला किती ताण मागतो आणि त्याचा ताठरपणा किती. पोलादाचा ताठरपणा, म्हणजे यंग गुणांक, सुमारे २१० गिगापास्कल, तर ॲल्युमिनियमचा ७०. म्हणून तेवढ्याच ताकदीचा, तेवढ्याच जाडीचा ॲल्युमिनियमचा पत्रा साधारण तिप्पट मागे येतो. पोलादातही साध्यापेक्षा उच्च ताकदीचं पोलाद जास्त उसळतं, कारण त्याची ताकद वाढली तरी ताठरपणा तेवढाच राहतो.

पत्रा कापणं त्यामानाने सोपं वाटतं, पण तिथेही आपली कल्पना चुकते. पंच म्हणजे सुरी आणि तो पत्रा आरपार कापतो, असं आपण धरून चालतो. जाडीचा सुमारे एक तृतीयांश भाग खरंच कापला जातो. उरलेला चिरतो. पंचाच्या धारेपासून एक चीर खाली निघते, डायच्या धारेपासून दुसरी वर येते आणि दोन्ही अधेमधे भेटतात. एखादा वॉशर उचलून त्याच्या कडेवरून नख फिरवा: एक गुळगुळीत, चमकदार पट्टा लागेल आणि त्याला लागून खरखरीत, किंचित तिरका भाग. पहिला कापलेला, दुसरा चिरलेला.

या दोन चिरांची गाठ पडावी म्हणून पंच आणि डाय यांच्यात फट ठेवतात. तिला क्लिअरन्स म्हणतात. साध्या पोलादासाठी ती दर बाजूला जाडीच्या ५ ते १० टक्के धरतात, म्हणजे २ मिलिमीटर पत्र्याला ०.१ ते ०.२ मिलिमीटर. फट कमी पडली तर चिरा एकमेकींना चुकवून पुढे जातात, मधला भाग पुन्हा कापावा लागतो, जोर वाढतो आणि धार लवकर बोथट होते. फट जास्त झाली तर पत्रा आधी त्या फटीत ओढला जातो, कड गोल होते आणि मोठा बर, म्हणजे कडेला उरणारा धारदार कंगोरा, उरतो. ही फट कोणाच्या मापातून काढायची, याचा नियम मला फार आवडतो. चकती हवी असेल तर डाय नेमक्या मापाची करायची आणि पंच लहान करायचा. भोक हवं असेल तर पंच नेमका ठेवायचा आणि डाय मोठी करायची. कारण बाहेर पडणारी चकती डायचं माप घेते, तर मागे राहणारं भोक पंचाचं.

जोराचा हिशेब सरळ आहे: कापाची लांबी गुणिले जाडी गुणिले कातर-ताकद, म्हणजे कापताना धातू किती विरोध करतो ते माप. ५० मिलिमीटर व्यासाची चकती, २ मिलिमीटर जाडी आणि दर चौरस मिलिमीटरला ३५० न्यूटन ताकद धरली तर सुमारे १,१०,००० न्यूटन होतात, म्हणजे ११ टन. पत्रा चिरतो त्या क्षणी हा सगळा भार अचानक नाहीसा होतो आणि ताणलेली प्रेस झटक्याने मोकळी होते. तो धक्का कमी करायला धारेला थोडा उतार देतात, म्हणजे काप एकदम न होता कातरीसारखा सरकत जातो. चकती सपाट राहायला हवी असेल तर उतार डायला द्यायचा. भोक पाडायचं असेल तर तो पंचाला द्यायचा. जो तुकडा भंगारात जाणार, त्यालाच वाकू द्यायचं.

या शास्त्रातला सर्वांत रंगतदार भाग माझ्या मते ड्रॉइंग, म्हणजे सपाट चकतीतून खोल भांडं ओढणं. १०० मिलिमीटर व्यासाची चकती घ्या. ५० मिलिमीटरचा पंच ती डायच्या तोंडातून खाली नेतो आणि जाडी जवळपास तेवढीच राहिली तर सुमारे ३७ मिलिमीटर खोल पेला तयार होतो. आता चकतीच्या कडेचा विचार करा. तिचा परीघ ३१४ मिलिमीटर होता. पेल्याच्या काठावर येईपर्यंत तो १५७ मिलिमीटर व्हायला हवा. अर्धा! कुठलंही मटेरियल काढून न टाकता कड निम्म्यावर आकसायची असते. सपाट पत्रा असा चहूबाजूंनी दाबला गेला की त्याला वर उठणंच सोयीचं असतं, म्हणून सुरकुत्या पडतात. त्या पडू नयेत म्हणून ब्लँक होल्डर नावाची कडी वरून दाब देते.

पण दाब वाढवला की चकती आत सरकायला तयार नसते. कडेला आकसवण्याचा सगळा जोर पंचाने खाली ढकलताना पेल्याच्या भिंतीतून जातो. भिंतीचा सर्वांत कमकुवत भाग असतो तळाच्या वळणाशी: तिथे पत्रा ताणून पातळ झालेला असतो, पण कडेसारखा कडक झालेला नसतो. पेला तिथेच फाटतो आणि तळ टोपीसारखा वेगळा निघतो. एकीकडे सुरकुत्या, दुसरीकडे फाटणं, आणि या दोहोंमधली अरुंद वाट शोधायची असते. साध्या पोलादात एका फटक्यात चकतीचा व्यास पेल्याच्या व्यासाच्या सुमारे दुप्पट असू शकतो. त्यापेक्षा खोल हवं असेल तर दोन-तीन टप्प्यांत ओढावं लागतं.

तेल लावण्यातही मर्म आहे. डायच्या बाजूला पत्रा सरकायला हवा, म्हणून तिथे भरपूर तेल. पंचाच्या बाजूला मात्र थोडं घर्षण उपयोगी पडतं, कारण पत्रा पंचाला चिकटून राहिला तर त्या नाजूक वळणावरचा काही भार पंच स्वतः उचलतो. डायच्या तोंडाचं वळण साधारण जाडीच्या चार ते दहा पट ठेवतात. त्याहून तीक्ष्ण ठेवलं तर पत्रा फाटतो, फार मोठं ठेवलं तर तो होल्डरच्या पकडीतून लवकर सुटून सुरकुततो.

ओढलेल्या पेल्याचा काठ बहुतेकदा सरळ नसतो. त्यावर लाटांसारखे उंचवटे येतात, बहुधा चार. त्यांना इअर, म्हणजे कान म्हणतात. याचं मूळ डायमध्ये नसून पत्र्याच्या जन्मात आहे. रोलखाली लाटताना धातूचे स्फटिक ठरावीक दिशांना वळतात, त्यामुळे लाटण्याच्या दिशेने, आडवा आणि तिरका पत्रा वेगवेगळा वागतो. पत्रा ताणल्यावर रुंदीत जास्त बारीक होतो की जाडीत, हे मोजणारं गुणोत्तर संशोधक लँकफर्ड आणि सहकाऱ्यांनी १९५० मध्ये मांडलं. ते जितकं जास्त, तितका पत्रा पातळ व्हायला नकार देतो आणि तितकं खोल ओढता येतं.

मोटारीच्या दरवाजासारख्या वेड्यावाकड्या आकारात कुठे किती ताण बसतो हे साध्या डोळ्यांना दिसत नाही. त्यावर १९६० च्या दशकात निघालेला उपाय मला आजही विलक्षण वाटतो. सपाट पत्र्यावर बारीक वर्तुळांची जाळी उमटवायची आणि मग तो प्रेसमध्ये घालायचा. वर्तुळांच्या लंबवर्तुळाकृती होतात आणि त्यांची लांबी-रुंदी मोजली की त्या जागेचा ताण कळतो. कीलर आणि नंतर गुडविन या संशोधकांनी अशा मोजमापांतून पत्रा कुठल्या ताणापर्यंत तग धरतो याची सीमारेषा आखली. आज संगणकावर डायची चाचणी घेतानाही लाल-हिरवे ठिपके याच रेषेच्या आधाराने रंगवले जातात.

स्प्रिंगबॅकवरचा सर्वांत धीट इलाज गरम स्टॅम्पिंगचा. बोरॉन मिसळलेलं पोलाद ९०० अंश सेल्सिअसच्या वर तापवून मऊ असतानाच दाबतात आणि डाय काही सेकंद मिटलेलीच ठेवतात. डायच्या पोटातून पाणी खेळत असतं. पत्रा तिथेच विझवला, म्हणजे झटकन थंड केला, जातो आणि त्याची ताकद सुमारे १,५०० मेगापास्कलपर्यंत पोचते. गरम असताना तो फार थोडा विरोध करतो, म्हणून मागेही जवळजवळ येत नाही. पण आता डायला आकार देण्याबरोबर उष्णताही ओढायची असते, म्हणून पाण्याच्या वाटा पृष्ठभागापासून किती खोल ठेवायच्या हेही डिझाइनमध्येच ठरतं.

एवढा हिशेब करूनही पहिला तुकडा क्वचितच बरोबर येतो. ट्रायआउटमध्ये, म्हणजे नव्या डायच्या चाचणीत, डायला निळा रंग लावून पत्रा दाबतात आणि निळं कुठे उमटलं, कुठे कोरं राहिलं ते पाहतात. कोन मोजतात आणि ८८ चे कधी साडेसत्त्याऐंशी करतात. मग फिटर ऑइल-स्टोन घेऊन डायच्या वळणावर बसतो आणि पत्रा ज्या दिशेने आत सरकणार त्याच दिशेने घासत राहतो. आडवे ओरखडे राहिले तर पत्रा तिथे अडतो.